अभिनय की लेखन? माइल्स मॅलेसनकडे बघून दिलेलं उत्तर

तुमचा प्रश्न आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही पुण्यात प्रायोगिक नाटकं करता. मालिकांमध्ये डॉक्टर, वकील, सोसायटीचा सेक्रेटरी अशी दोन-चार दिवसांची कामं मिळतात. शिवाय एका मालिकेचे संवाद मुख्य लेखकाच्या हाताखाली बसून लिहिता. घरचे, मित्र, कास्टिंगवाले सगळे एकच सांगतात, ‘एक काहीतरी धर.’ मध्यंतरी ‘काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स’ हा १९४९चा ब्रिटिश चित्रपट पाहिलात, त्यातला म्हातारा जल्लाद लक्षात राहिला. नाव शोधलंत तर निघाला माइल्स मॅलेसन, आणि लहानपणी पाहिलेल्या ‘द थीफ ऑफ बगदाद’ची पटकथा आणि संवादही त्याचेच निघाले. हा माणूस नक्की कोण, दोन डगरींवर पाय ठेवून तो पडला कसा नाही, आणि आपल्याकडे आज असं जमेल का, असं तुम्ही विचारलंय. जाता जाता हेही विचारलंय, की सहा महिन्यांचा एक छोटा रोल आलाय, त्यासाठी संवादलेखन सोडावं का.

मी स्वतः बरीच वर्षं दोन्ही करतोय. सकाळी कोणाचा तरी मामा होतो आणि रात्री कोणाच्या तरी मामाचे संवाद लिहितो. त्यामुळे माझं मत तटस्थ नाही, हे गृहीत धरून वाचा.

‘एक काहीतरी धर’ हा सल्ला ऐकून तुम्ही दोन कामांची तुलना करत बसला आहात. मॅलेसनकडे पाहिलं तर कामं दोन नाहीत, तीन दिसतात. पडद्यावरच्या छोट्या भूमिका हे एक, दुसऱ्यांच्या चित्रपटांसाठी केलेलं लेखन हे दुसरं, आणि कोणी मागितलेली नसताना लिहिलेली स्वतःची नाटकं हे तिसरं. पहिल्या दोघांची भांडणं फारशी होत नाहीत. ओढाताण होते ती तिसऱ्याची. तुमच्या एवढ्या लांब प्रश्नात त्या तिसऱ्याचा उल्लेखच नाही, म्हणून मी हे लांबलचक लिहायला बसलोय.

आधी परिस्थितीचं बोलू, कारण तिथे मॅलेसनचं पारडं जड होतं. जन्म १८८८चा, लंडनजवळच्या क्रॉयडनचा. घरचं बरं. शिक्षण ब्रायटन कॉलेजात आणि मग केंब्रिजच्या इमॅन्युएल कॉलेजात. तिथे एका वादविवाद मंडळाच्या जेवणाला बोलावलेला राजकारणी आलाच नाही, तेव्हा या पठ्ठ्याने त्याचं सोंग घेऊन भाषण ठोकलं आणि ते खपूनही गेलं. नंतर बिंग फुटल्यावर बराच गाजावाजा झाला, असं सांगतात. मला हा किस्सा फार बोलका वाटतो. तोतया वक्ता व्हायचं तर भाषण ऐन वेळी रचावंही लागतं आणि ते तोंडावरची रेषा न हलवता करावंही लागतं. लेखक आणि नट एकाच अंगात घेऊनच तो आला होता म्हणायचा.

पुढे लंडनच्या नाट्य अकादमीत शिक्षण आणि १९११ पासून व्यावसायिक रंगभूमी. दुसरी सोय शहराची. लंडनला नाट्यगृहं मध्यवस्तीत आणि डेनम, ईलिंग, एल्स्ट्री हे स्टुडिओ शहराच्या कडेला. दिवसा शूटिंग आणि रात्री प्रयोग हे तिथल्या नटाला शक्य होतं. आपल्याकडे मुंबईत राहणाऱ्याला ते कसंबसं जमतं. पुण्याहून रोज फिल्मसिटी गाठून तुम्हाला जमणार नाही. तेव्हा त्याने केलं म्हणून आपणही करू, असं म्हणण्याआधी घरभाडं, घरातली कमावती माणसं आणि राहतं गाव हा हिशेब मांडा. तो तुमच्या वतीने मी मांडू शकत नाही.

आता त्या तिसऱ्या कामाकडे येतो. सप्टेंबर १९१४मध्ये मॅलेसन सैन्यात भरती झाला. त्याला माल्टाला पाठवलं आणि तब्येतीमुळे १९१५च्या सुरुवातीला सुटका झाली. परतल्यावर तो युद्धाच्या विरोधात गेला आणि त्याने दोन छोटी नाटकं लिहिली, ‘डी कंपनी’ आणि ‘ब्लॅक एल’. ‘ब्लॅक एल’मध्ये एक तरुण अधिकारी पदक मिळवून रजेवर घरी येतो. आईवडील अभिमानाने फुललेले, कधी एकदा सगळ्यांना सांगतो असं झालेलं. पोरगा मात्र आपण मारलेल्या माणसांच्या आठवणीने मोडून गेलेला, आणि परत जायचं नाही म्हणतो. १९१६ साल होतं. ब्रिटनमध्ये सक्तीची लष्करभरती त्याच वर्षी सुरू झालेली. सरकारने पुस्तकाच्या प्रती जप्त केल्या.

अठ्ठाविशीच्या माणसाचं पहिलंच नाव घेण्याजोगं काम जप्त झालं, तर त्याने पुढे काय करावं? मॅलेसन नाटकं लिहीतच राहिला. विसाच्या दशकात इंडिपेंडंट लेबर पार्टी या समाजवादी पक्षाच्या कला विभागाचं काम त्याने पाहिलं. कामगारांच्या हौशी नाट्यमंडळ्या उभ्या करायच्या, असा तो खटाटोप होता. ‘कॉन्फ्लिक्ट’ हे १९२५चं नाटक निवडणुकीच्या रणधुमाळीतलं आहे. एकीकडे सरंजामी घर, दुसरीकडे मजूर पक्षाचा उमेदवार आणि मध्ये त्या घरातली मुलगी. १९२७चं ‘द फनॅटिक्स’ लग्नसंस्थेवर उघड बोलणारं, आणि ते लंडनमध्ये चांगलं चाललं. १९३४मध्ये त्याने ‘सिक्स मेन ऑफ डॉर्सेट’ एका सहलेखकासोबत लिहिलं. टोलपडल गावच्या सहा शेतमजुरांनी संघटना केली म्हणून १८३४मध्ये त्यांना सात वर्षांसाठी ऑस्ट्रेलियाला काळ्या पाण्यावर धाडलं होतं, त्याच्या शताब्दीचं ते नाटक.

आणि एक नाटक असं, की ते १९३३मध्ये छापलं गेलं पण रंगमंचावर आलंच नाही. ‘युअर्स अनफेथफुली’. नवराबायकोने एकमेकांना मोकळीक द्यायची ठरवली तर प्रत्यक्षात कोणाच्या पोटात किती दुखतं, याबद्दलचं. ते पहिल्यांदा उभं राहिलं न्यूयॉर्कमध्ये, छापल्यानंतर ऐंशीहून जास्त वर्षांनी. लेखक जाऊन तेव्हा जवळजवळ अर्धं शतक होत आलेलं. आपल्या मालिकेचा एपिसोड टेलिकास्टच्या दुसऱ्या दिवशी कोणाला आठवत नाही, तेव्हा हा हिशेब मनात ठेवायला बरा पडतो.

बोलपट आल्यावर दुसरं काम सुरू झालं. मूकपटाच्या लेखकाला प्रसंग रचता आले तरी भागत होतं. आता नटाच्या तोंडात बसेल असं वाक्य लिहिणारा माणूस हवा होता, आणि तो रंगभूमीवरच सापडणार होता. आपल्याकडेही बोलपटांनी लेखक आणले ते नाटकातूनच. मॅलेसनने निर्माता-दिग्दर्शक हर्बर्ट विल्कॉक्ससाठी ‘नेल ग्विन’ लिहिला १९३४मध्ये, मग ‘व्हिक्टोरिया द ग्रेट’ १९३७मध्ये आणि लगोलग ‘सिक्स्टी ग्लोरियस इयर्स’ १९३८मध्ये, दोन्हींत राणीच्या भूमिकेत अ‍ॅना नीगल. मधल्या काळात आफ्रिकेतला ब्रिटिश साम्राज्यवादी सेसिल ऱ्होड्स याच्यावरच्या चित्रपटाच्या लेखनातही त्याचा हात होता.

म्हणजे बघा, शेतमजुरांच्या शिक्षेवर नाटक लिहिणारा समाजवादी माणूस तीन-चार वर्षांत राणीच्या गौरवाचे चित्रपट लिहितोय. ‘व्हिक्टोरिया द ग्रेट’ जवळजवळ पूर्ण कृष्णधवल आहे आणि शेवटी हीरकमहोत्सवाच्या वेळी एकदम रंगीत होतो. ब्रिटिश प्रेक्षकांच्या अंगावर काटा येत असेल. तुम्ही पुण्याचे, मला तो भाग बघताना काय आठवतं ते तुम्हाला सांगायला नको. त्याच हीरकमहोत्सवाच्या रात्री, २२ जून १८९७ला, गणेशखिंडीत रँडवर गोळी झाडली गेली. मॅलेसनच्या पटकथेत ती रात्र नाही, असायचं कारणही नाही. पण पोटासाठी लिहिताना आपण कोणाच्या महोत्सवाला रंग लावतोय हे कळत राहिलं पाहिजे, एवढं मला त्या शेवटाकडे बघून वाटतं.

याला दुटप्पीपणा म्हणायचा का? मी म्हणत नाही. चित्रपटाचं लेखन कधीच एकट्याचं नसतं. निर्मात्याला काय हवंय ते ठरलेलं असतं, आणि श्रेयनामावलीत तुमच्या शेजारी आणखी दोघांची नावं असतात. तिथे कारागिरी प्रामाणिक असावी, एवढी अपेक्षा ठेवता येते. त्याचा १९४२चा ‘द फर्स्ट ऑफ द फ्यू’ पाहा, अनातोल द ग्रुनवाल्डसोबत लिहिलेला. स्पिटफायर विमानाचा आराखडा करणाऱ्या आर. जे. मिचेलची गोष्ट, दिग्दर्शक आणि नायक लेस्ली हॉवर्ड. युद्ध ऐन भरात असताना आलेला, हेतूने प्रचारपटच. पण चित्रपटाचा जीव आहे तो आजारी माणसाच्या चिकाटीत. समुद्रपक्ष्यांकडे बघत विमानाचा विचार करणारा, वेळ कमी आहे हे कळलेला, बेचाळिसाव्या वर्षी गेलेला एक इंजिनिअर. शत्रूला शिव्या देणं सोपं होतं. त्याऐवजी एक माणूस काम कसं करतो हे लिहिलंय. सोपवलेल्या कामातही एवढी जागा मिळते, आणि ती शोधायची सवय लागते ती स्वतःचं काही लिहिल्यामुळे.

आता नट. तुम्हाला जास्त उपयोग इथेच आहे, म्हणून जरा रेंगाळतो.

चेहरा नायकाचा नव्हताच. खाली ओघळलेले गाल, दुहेरी हनुवटी, ठसठशीत नाक, आणि सतत काहीतरी हरवल्यासारखी नजर. आवाज थरथरता पण प्रत्येक शब्द स्वच्छ. अशा माणसाला एक-दोन प्रसंगांच्या भूमिका मिळतात. त्या जल्लादाची तुम्हाला आठवण आहे, तर पुन्हा एकदा नीट पाहा. उद्या सकाळी ज्याला फाशी द्यायची तो ड्यूक आहे. जल्लाद तुरुंगात येतो आणि त्याला चिंता कसली, तर ड्यूकला हाक काय मारायची. ‘युवर ग्रेस’ म्हणायचं हे कळल्यावर तो ते घोळवून बघतो. उमरावांना रेशमी दोराने फाशी देतात, आणि एकदा रेशीम हाताळल्यावर पुन्हा तागाच्या दोरात मन रमायचं नाही, म्हणून हे शेवटचं काम करून निवृत्त व्हायचा त्याचा बेत आहे. शिवाय प्रसंगाला साजेशी एक कविता त्याने स्वतः रचून आणलीय, ती त्याला वाचून दाखवायचीय.

हे संवाद मॅलेसनने लिहिलेले नाहीत. तरी तो ते लेखकासारखे बोलतो, असं मी म्हणेन. या माणसाला कथानकाशी काहीएक देणंघेणं नाही. नायक खुनी आहे की निर्दोष, याचा विचार त्याच्या मनाला शिवलेला नाही. त्याला स्वतःच्या धंद्याचा अभिमान आहे आणि आयुष्यातला मोठा दिवस नीट पार पाडायचाय. मॅलेसन हसवायला जात नाही. लग्नघरचा आचारी जसा पंगत बसायच्या आधी काळजीत असतो, तसा तो फाशीच्या आदल्या संध्याकाळी काळजीत आहे. हसू आपोआप येतं, आणि चित्रपट कोणत्या सुरात बघायचा हे प्रेक्षकाला तिथेच कळतं. छोट्या भूमिकेने दिग्दर्शकाचं केवढं मोठं काम केलं!

दुसरा नमुना १९४५च्या ‘डेड ऑफ नाइट’मधला. हा अनेक भुताटकीच्या गोष्टींचा चित्रपट, त्यातल्या एका छोट्या गोष्टीत मॅलेसन आहे. अपघातातून वाचलेला मोटार शर्यतीतला चालक इस्पितळात आहे. रात्री खिडकीचा पडदा सारतो तर बाहेर लख्ख ऊन, खाली घोड्यांची शवगाडी, आणि गाडीवान वर बघून सांगतो, आत एकालाच जागा आहे साहेब. बरा होऊन बाहेर पडल्यावर तो बसमध्ये चढायला जातो. कंडक्टरचा चेहरा तोच, वाक्यही तेच. तो चढत नाही, आणि बस त्याच्या डोळ्यांदेखत खाली कोसळते. मॅलेसनला मिळालं काय, तर एक वाक्य, दोनदा. तो ते भुतासारखं बोलत नाही. जागा शिल्लक असल्याचं सांगणारा कंडक्टर जसा सौजन्याने बोलेल, तसाच बोलतो. शवगाडीवरही तोच सूर. भीती त्या सौजन्याची वाटते. तिथे आवाज खर्जात नेण्याचा मोह कोणाही नटाला होईल. मलाही झाला असता, आणि वाक्य मेलं असतं.

तिसरा, दिग्दर्शक मायकेल पॉवेलचा ‘पीपिंग टॉम’, १९६०, लोकांकडे चोरून बघणाऱ्या एका खुन्याची गोष्ट. वर्तमानपत्रांच्या दुकानात एक सभ्य म्हातारा येतो, पेपर मागतो आणि मग घुटमळत विचारतो, काही ‘दृश्यं’ विकायला आहेत का. दुकानदार अश्लील फोटोंचा आल्बम काढतो. तेवढ्यात एक शाळकरी मुलगी चॉकलेट घ्यायला आत शिरते आणि म्हातारा आल्बम मिटून उभा. फोटो घेऊन तो जातो, पेपर काउंटरवरच राहतात. आज रात्री याचं शब्दकोडं काही सुटत नाही, असं काहीसं दुकानदार म्हणतो. हा प्रसंग काढला तरी कथानक चालेल. पण दुसऱ्यांकडे चोरून बघण्याची विकृती फक्त त्या खुन्याची नाही, टाय लावणाऱ्या आजोबांच्याही घरी आहे, हे या प्रसंगातून कळतं. मॅलेसन म्हाताऱ्याला ओंगळ करत नाही. लाजवतो. म्हणून प्रेक्षकही अवघडतो.

असे आणखी कितीतरी. १९५२च्या ‘द इम्पॉर्टन्स ऑफ बीइंग अर्नेस्ट’मधला धर्मगुरू चॅझुबल, ‘द मॅन इन द व्हाइट सूट’मधला शिंपी, १९५८च्या ‘ड्रॅक्युला’तला आपल्याच विनोदावर खूश होणारा शवपेट्यांचा व्यापारी, ‘आय अ‍ॅम ऑल राइट जॅक’मध्ये नग्नसंघात सुखाने राहणारा नायकाचा बाप. भयपट, विनोदी, अभिजात, काही वर्ज्य नाही.

मालिकेतल्या डॉक्टरला हे कसं लागू करायचं? ‘धोका टळलाय, पण पुढचे २४ तास महत्त्वाचे आहेत’ हे वाक्य तुम्हीही म्हटलं असेल, मीही म्हटलंय आणि लिहिलंयही. त्या वाक्यात शब्द वाढवू नका. सेटवर संवाद वाढवणारा छोटा नट कोणालाच आवडत नाही, आणि एडिटला तो कापलाच जातो. फक्त एवढं ठरवून जा, की हा डॉक्टर आत्ता कुठून आलाय आणि त्याला कुठे जायचंय. बाहेर दुसरा पेशंट खोळंबलाय का? याची ही तिसरी नाइट ड्यूटी आहे का? वाक्य तेच राहील, पण वळून जाण्याचा वेग बदलेल. कॅमेरा नायिकेवर असला तरी तुमची एक्झिट खरी वाटेल, आणि दिग्दर्शकाला ती जाणवते. पुढच्या वेळी बोलावणं येतं ते अशा गोष्टींमुळे. भाव खाऊन जाणाऱ्याचं कौतुक होतं, पण पुन्हा बोलावतात ते प्रसंग पुढे नेणाऱ्याला.

लेखक-नट एकत्र आल्यावर काय होतं, याचा सर्वांत चांगला पुरावा मला ‘द थीफ ऑफ बगदाद’मध्ये दिसतो. अलेक्झांडर कोर्डाची निर्मिती, श्रेयनामावलीत तीन दिग्दर्शक, डेनमला सुरू झालेलं काम युद्धामुळे अमेरिकेत जाऊन पूर्ण झालेलं, चोर झालेला साबू मूळचा आपल्या म्हैसूरकडचा. १९४०मध्ये चित्रपट आला. मॅलेसन त्यात बसऱ्याचा सुलतान आहे.

पटकथेपुढची अडचण अशी: दुष्ट वजीर जाफरला राजकन्या हवीय आणि सुलतानाने ती द्यायला तयार व्हायला हवं. सुलतान घाबरट दाखवला तर कंटाळवाणा होतो, लोभी दाखवला तर प्रेक्षक त्याचा राग करतात आणि पुढे त्याचा खून झाला तरी कोणाला काही वाटत नाही. इथे सुलतानाला यांत्रिक खेळण्यांचं वेड दिलंय. महालभर खेळणी. जाफर उडणारा यांत्रिक घोडा आणतो, म्हातारा त्यावर बसून बसऱ्यावरून उडून येतो आणि वेडापिसा होतो. किंमत? मुलगी. एका क्षणी त्याच्या चेहऱ्यावर बाप येतो आणि लगेच खेळणं मागणारं पोर येतं, हे मॅलेसन डोळ्यांनी करतो. नंतर जाफर दुसरं खेळणं आणतो, अनेक हातांची चंदेरी नर्तकी. सुलतान तिच्या मिठीत जातो आणि तिच्यातल्याच एका हातातली कट्यार त्याच्या पाठीत शिरते. वेडामुळे मुलगी गमावली, वेडानेच जीव गेला. एकाच स्वभावविशेषावर दोन वळणं पेलली आहेत, उगाच कसला खुलासा नाही. संवाद लिहिणारा आणि बोलणारा एकच असल्यामुळे प्रत्येक वाक्याला किती भार द्यायचा हे त्याला पुरतं ठाऊक आहे.

पण आपण लिहीत असलेल्या मालिकेत स्वतःसाठी पात्र घालायचा विचार असेल तर क्रिएटिव्ह हेडला आधी उघड सांगा. गुपचूप घातलेलं पात्र वाढायला लागलं की पहिला संशय तुमच्यावर येतो, आणि दोन्ही कामं एकदम जातात. दुसऱ्याच्या लेखनात नट म्हणून काम करताना तुम्ही लेखक आहात हे सेटवर विसरा. वाक्य तोंडात बसत नसेल तर ब्रेकमध्ये त्या लेखकाला फोन करा. चारचौघांत सुचवू नका.

पन्नाशीच्या दशकात, साठी ओलांडल्यावर, मॅलेसनने फ्रेंच नाटककार मोलिएर इंग्रजीत आणला. ‘द मायझर’, ‘तार्त्युफ’ आणि इतरही, आणि त्यातल्या भूमिकाही केल्या. शब्दाला शब्द न लावता, इंग्रजी नटाला श्वास घेता येईल अशी मोकळी रूपांतरं. हौशी संस्थांनी ती पुढे वर्षानुवर्षं केली. आपल्याला हे नवीन नाही. हरिभाऊ आपट्यांनी मोलिएरचा वैद्य ‘मारून मुटकून वैद्यबुवा’ म्हणून मराठीत आणला आणि अत्र्यांनी त्याचा कंजूष ‘कवडीचुंबक’मध्ये. मोलिएर स्वतःही लिहायचा, दिग्दर्शन करायचा आणि प्रमुख भूमिकाही करायचा, त्यामुळे मॅलेसनला तो घरचाच माणूस वाटला असावा. तुमच्या दृष्टीने यात धंद्याची गोष्टही आहे. अभिनयाचे पैसे त्या दिवसापुरते, मालिकेच्या लेखनाचे एपिसोडपुरते, पण रूपांतर तुमच्या नावावर असेल आणि प्रयोग होत राहिले तर मानधन येत राहतं. थोडं येतं, पण येतं. तेवढ्यासाठी परवानगीची आणि हक्कांची कागदपत्रं नीट ठेवा. साठीच्या दशकाच्या मध्यावर डोळ्यांनी साथ सोडेपर्यंत मॅलेसन पडद्यावर होता. १९६९मध्ये गेला.

आज जमेल का? ब्रिटनमध्ये पुढेही लोकांना जमलंय, पण प्रत्येकाला वेगळ्या तऱ्हेने. कॉलिन वेलंड आधी चित्रकलेचा शिक्षक, मग दूरदर्शनवरच्या ‘झेड-कार्स’मधला पोलीस, १९६९च्या ‘केस’मधला समजूतदार मास्तर, आणि ‘चॅरियट्स ऑफ फायर’च्या पटकथेसाठी १९८२मध्ये ऑस्कर. त्यानंतर त्याची ओळख लेखक हीच राहिली. ज्युलियन फेलोज कित्येक वर्षं दुय्यम भूमिका करत होता. ‘गॉस्फर्ड पार्क’ला ऑस्कर मिळालं तेव्हा पन्नाशी उलटली होती, आणि मग ‘डाउन्टन अ‍ॅबी’. या दोघांचं लेखन मोठं झालं आणि नट मागे पडला. मॅलेसनचं तसं झालं नाही, कारण कुठलंच एक काम एवढं मोठं झालं नाही. हे वैगुण्य मानायचं की सुख, हे ज्याच्या त्याच्या महत्त्वाकांक्षेवर.

माझ्या अनुभवात दोन्ही कामं एकत्र टिकतात ती वेळापत्रकामुळे. छोट्या भूमिकेचा कॉल आदल्या रात्री येतो, लेखनाची डेडलाइन रोजची असते. दोन्हीकडचे पैसे उशिराच येतात, मालिकांचं पेमेंट नव्वद दिवसांनी हे तर आता नियमासारखं झालंय. एका कामाचे पैसे दुसऱ्याच्या खड्ड्यात भरत राहिलात की घर चालतं. पण या ओढाताणीत जे काम कोणी मागितलेलं नाही, ज्याला कॉल टाइम नाही, तेच पुढे ढकललं जातं. तुमच्या प्रश्नात प्रायोगिक नाटकं ‘करतो’ असं आहे, ‘लिहितो’ असं नाही. त्यात तुमचं स्वतःचं एखादं नाटक आहे का, हे मला खरंच जाणून घ्यायचंय.

आता त्या सहा महिन्यांच्या रोलबद्दल. संवादलेखन इतक्यात सोडू नका. आधी प्रॉडक्शनला विचारा, की महिन्याला किती दिवस लागतील, ते सलग की विखुरलेले, आणि ट्रॅक, म्हणजे त्या पात्राचं कथानक, वाढला तर दिवसांवर मर्यादा कोणती. महिन्याला आठ-दहा दिवस आणि तारखा आठवडाभर आधी मिळणार असतील तर रोल घ्या, आणि मुख्य लेखकाला आजच सांगा की त्या दिवसांचे सीन आदल्या रात्री देईन. एपिसोडची बँक, म्हणजे आधीच तयार एपिसोडचा साठा, असेल तर तो अडवणार नाही. तारखा ‘बघू, जमेल तसं’ असं उत्तर आलं तर पुण्यात राहून तो रोल झेपणार नाही, तिथे नम्रपणे नकार द्या. आणि संवादांचं श्रेय सध्या तुमच्या नावाने पडद्यावर जातं का, तेही लिहा. जात नसेल तर उत्तर थोडं बदलेल.